खिळ्यांच्या कारखान्यातला विनोदवीर

खिळ्यांच्या कारखान्यात फिटरकाकांसारखा विनोद सांगणारा दुसरा नाही, याबद्दल कुणाचं दुमत नव्हतं. दुमत होतं ते घरी. बायको तीस वर्षं एकच म्हणत आली होती, "अहो, तुम्हाला सांगता येत नाही. उगाच जिभेला कशाला त्रास?"

पिकतं तिथं विकत नाही, असं म्हणून काका विषय सोडून देत. पण निवृत्तीचा समारंभ ठरला तेव्हा त्यांनी साहेबांना सांगून टाकलं, "भेट नको, भाषणं नकोत. दहा मिनिटं माईक द्या." आणि बायकोला पहिल्या रांगेत बसवलं. एकदा तरी ती हसावी, एवढंच त्यांना हवं होतं.

आता कारखान्यातली रीत सांगायला हवी. तिथं चाळीस यंत्रं एकदम तार तोडतात. कानाला तोंड लावून ओरडलं तरी शब्द कळत नाही, म्हणून सगळं हातवाऱ्यांवर चालतं. काका भुवया नाचवत, गाल फुगवत आणि शेवटी मांडीवर थाप मारत. थाप पडली की हसायचं, हे नवा माणूससुद्धा पहिल्याच दिवशी शिके. काय सांगितलं, हे कुणी विचारत नसे. विचारून तरी ऐकू कुठं येणार होतं?

सभागृहात मात्र पंखासुद्धा वाजत नव्हता.

"एक न्हावी होता," काकांनी सुरुवात केली. "म्हणजे आधी गिऱ्हाईक आलं. मंगळवार होता... नाही, बुधवार. मंगळवारी दुकान बंद. तर गिऱ्हाईक म्हणालं, जपून हं, गळा कापशील. न्हावी म्हणाला, घाबरू नका, कालचं गिऱ्हाईक अजून जिवंत आहे. हां, आज त्याचा पहिलाच दिवस होता, हे सांगायचं राहिलं. न्हाव्याचा. म्हणजे दुसरा."

थाप पडली. चार जण सवयीनं हसले आणि एकमेकांची तोंडं बघून थांबले.

"काका, हा तो विनोद?" यंत्रावरचा एक कामगार मागून म्हणाला. "मला वाटायचं, तुम्ही साहेबांची नक्कल करता!"

"मला वाटायचं, सासूची," दुसरा म्हणाला.

काकांनी पुन्हा एकदा थाप मारून पाहिली. तेवढ्यात बायको उठली आणि मागं वळली.

"तीस वर्षं याच माणसापुढं पोट धरून हसलात ना? मग आज काय दातखीळ बसली? मी घरी हसले नाही, कारण मला ऐकू येतं!"

सभागृह हशानं दणाणलं. साहेब रुमाल शोधू लागले.

"हसता काय? मी विनोद करत नाहीये," ती आणखी चिडून म्हणाली. मग तर लोक खुर्च्यांवरून घसरायचेच बाकी राहिले.

दारात साहेबांनी पुढच्या महिन्याच्या समारंभात बोलायचं आमंत्रण दिलं. काकांना नव्हे, त्यांच्या बायकोला.

"यांनाही आणू?"

"आणाच. नाहीतर बोलणार कुणावर?"

घराच्या वळणावर आल्यावर काका हळूच म्हणाले, "अगं, तो न्हाव्याचा विनोद खरंच इतका वाईट आहे?"

"विनोद चांगला आहे हो," ती म्हणाली, आणि तिला हसू आवरेना. "बिचारा न्हावी तुमच्या हाती सापडला, एवढंच."