पॉलिस्टर आटत नाही

तानुबाईंचा ब्लाऊज खांद्यावरून घसरायला लागला आणि त्यांचं जेवण तुटलं. ललिता स्वयंपाक करायची, ताट वाढायची, आणि सासूच्या ताटातली भाकरी एक कोपरा मोडून तशीच परत यायची. कधी वरणात बुडवून दिली, कधी दुधात कुस्करून दिली. पण बाईनं तोंड मिटलं ते मिटलंच.

तानुबाई घोटीच्या. नवरा सहादू भाताची शेती बघायचा आणि त्या बाजारातल्या एका ओट्यावर मशीन टाकून तीस वर्षं ब्लाऊज शिवत आल्या होत्या. आषाढात खोकल्यातून रक्त पडलं, टीबी निघाला, तेव्हा दिनेशनं आईला नाशकात सिडकोतल्या आपल्या दोन खोल्यांत आणून ठेवलं. सहा महिने रोज गोळ्या घ्यायच्या, एक दिवस चुकवायचा नाही, असं दवाखान्यातल्या बाईंनी बजावून सांगितलं. दिनेश कंपनीत पाळीवर जायचा, त्यामुळे गोळ्या, अंडी, उकळलेलं पाणी हे सगळं ललिताकडे आलं. तिनं कुरकुर केली नाही. लग्नात ओटीत आलेल्या झाडून सगळ्या ब्लाऊजपीसांना अस्तर लावून सासूनंच तिला ब्लाऊज शिवून दिले होते, आणि शिलाईवरून एकदाही बोलून दाखवलं नव्हतं. अशी सासू मिळायला नशीब लागतं, हे ललिताला बहिणीच्या सासूकडे बघून चांगलंच कळलं होतं.

अडचण एवढीच, की तानुबाईंचा डॉक्टरपेक्षा कपड्यावर विश्वास होता.

"चिमणाबाई म्हनून एक गिऱ्हाईक व्हती माझी," एक दिवस भिंतीला टेकून त्या म्हणाल्या. "तीनदा ब्लाऊज बारीक करून नेला. चवथ्यांदा तिचा नवरा आला. म्हनला, ऱ्हाऊ द्या आता. मानसाच्या आधी कापडाला कळतं, ललिता. माझ्याबी कापडाला कळलंय."

"तसं काही नाही, आत्याबाई. टाके मारून देते मी, नीट बसेल."

"टाके मारून काय, मी वाळायची थांबनार हाय का?"

टाके मारून फसवणंही शक्य नव्हतं. ज्या बाईला चार हात लांबून दुसऱ्याच्या काखेतली शिवण वाकडी दिसायची, तिच्या स्वतःच्या ब्लाऊजवर एक टाका जरी नवा पडला असता तरी तिनं तो बोटानं चाचपून काढला असता. आणि इकडे गोळ्या तर रिकाम्या पोटात आग पाडत होत्या. खाल्लं नाही तर ही बाई औषधानंच खंगेल, अशी ललिताला धास्ती पडली.

मग एका दुपारी मोबाईलवर काहीतरी बघताना तिला एक मुलगी दिसली. तिनं आपला ढगळ टी-शर्ट उकळत्या पाण्यात टाकून अंगाबरोबर करून दाखवला. पॉलिस्टरचा होता. तानुबाईंचे रोजचे तिन्ही ब्लाऊज पॉलिस्टरचेच होते, ओटीत फिरत फिरत आलेल्या स्वस्त ब्लाऊजपीसांचे. ललितानं तो व्हिडिओ तीनदा पाहिला.

पहिला प्रयोग तिनं स्वतःच्या जुन्या ब्लाऊजवर केला आणि तो इस्त्रीला चिकटला. घरभर वास सुटला.

"काय जळतंय गं?" आतून आवाज आला.

"दूध उतू गेलं, आत्याबाई."

खोटं बोलायला सुरुवात झाली ती इथून. दुसऱ्या वेळी तिनं घाई केली नाही. सासूचा दुपारी डोळा लागला की मोठ्या पातेल्यात पाण्याला उकळी आणायची, ब्लाऊज उलटा करून त्यात सोडायचा, अर्धा तास गॅस मोठा ठेवायचा. मग पिळायचा, वर दिनेशचा सुती पंचा अंथरायचा आणि पंच्यावरून कडक इस्त्री दाबत दाबत फिरवायची. शिवणीजवळ चुण्या पडायच्या, त्या बोटांनी ताणून पुन्हा दाबायच्या. छातीत इंचभर कमी झाला. तिसऱ्या दिवशी तिन्ही ब्लाऊज पेटीत घडी घालून ठेवलेले होते, आणि ललिताच्या दोन बोटांवर फोड आले होते.

तानुबाईंनी ब्लाऊज अंगात घातला, हूक लावले, खांदा हलवला. पुन्हा हलवला. मग पाठीमागे हात नेऊन कापड चिमटीत धरायचा प्रयत्न केला. चिमटीत फारसं काही आलं नाही.

"ललिता," त्या हळूच म्हणाल्या, "घसरत नाय गं."

"बघा, मी म्हणत नव्हते?"

"उंचीला बी वर चढतोय जरासा. अंग भरलं की ब्लाऊज वर चढतोच. मी गिऱ्हाइकाला हेच सांगायचे."

ललिताला जे कारण शोधून सांगावं लागलं असतं ते सासूनंच काढून हातात दिलं. त्या दिवशी तानुबाईंनी दीड भाकरी खाल्ली आणि वर ठेचा मागितला. दिनेश पाळीवरून आला तेव्हा आई पाटावर बसून शेंगा सोलत होती. "काय जादू केलीस?" त्यानं बायकोला विचारलं. ललिता हसली. तिला खरंच आनंद झाला होता, आणि इथवर तिचं काही चुकलं असं कुणालाही म्हणवणार नाही.

चुकलं ते पुढं. वीसेक दिवसांनी ब्लाऊज पुन्हा सैल दिसायला लागला. भाकरी पोटात जात होती, पण अंगाला लागत नव्हती, हे तिला डोळ्यांनी दिसत होतं. तेव्हाच दिनेशला सांगायचं, डॉक्टरांना विचारायचं. तिनं काय केलं, तर पुन्हा पातेलं चढवलं. पहिल्या वेळी सासूच्या पोटात अन्न जावं म्हणून उकळलं होतं. दुसऱ्या वेळी आपली लबाडी उघडी पडू नये म्हणून उकळलं, आणि हे तिला गॅस पेटवतानाच कळलं होतं. तरी हात थांबला नाही.

दवाखान्यात वजन केलं. मागच्या महिन्यापेक्षा दीड किलो कमी. बाईंनी कपाळाला आठ्या घातल्या. "गोळ्या रोज घेता ना?"

"घेते तर," तानुबाई म्हणाल्या. आणि बाहेर आल्यावर ललिताला म्हणाल्या, "त्यांचा काटाच बिघडलाय. इतकी मानसं चढतेत त्याच्यावर. माझं अंग मला कळत नाय का?"

ललितानं मान हलवली. घरी आल्यावर ती सासूला दोन अंडी जास्त उकडून द्यायला लागली, जणू अंड्यांनी खोट्याची भरपाई होणार होती.

दसरा झाला. मंगळवारी दिनेशच्या पँटचा हूक तुटला म्हणून ललितानं सासूचा बटणांचा डबा उघडला. बटणांखाली गोळ्या होत्या. तिनं ओट्यावर ओतून मोजल्या. अकरा दिवसांच्या निघाल्या.

"हे काय, आत्याबाई?"

तानुबाईंना जराही लाज वाटली नाही. "आता कशाला त्या? मळमळतं मला. अंग भरलंय, खोकला हाय जरासा, तो जाईल. गुरवारी हे न्यायला येनारेत. सोंगणी सुरू व्हईल, भात उभं हाय शेतात."

"डॉक्टरांनी सहा महिने सांगितलेत."

"डाक्टरला काय माहीत? कापड खोटं बोलत नाय."

ललिताला वाटलं, आत्ता सांगावं. पण तिनं गोळ्या वेचल्या आणि डबा बंद केला. दिवसभर ती सासूच्या समोर जायचं टाळत होती. संध्याकाळी दिनेशला गोळ्यांचं सांगितलं तर तो चिडून आईला बोलला, आईनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "बरं हाय मी." दिनेशनं हात टेकले. गोळ्या का थांबल्या ते त्याला ठाऊक नव्हतं, आणि जिला ठाऊक होतं ती ताटं घासत उभी होती. खाई त्याला खवखवे म्हणतात. ललिताला तर पाणीसुद्धा खवखवत होतं. आपण सासूला जगवायला गेलो आणि आपल्याच हातानं तिचं औषध तोडलं, हा एकच विचार डोक्यात फिरत राहिला. ही बाई घोटीला गेली आणि तिथं तिला काही झालं, तर लोक टीबीनं गेली म्हणतील. ललिताला मात्र कायम माहीत असणार होतं.

बुधवारी सकाळी दिनेश कामावर गेला, तशी ती सासूपुढं जाऊन बसली.

"आत्याबाई, तुमचं अंग भरलेलं नाही. ब्लाऊज मी आटवलेत."

"म्हंजे?"

"उकळत्या पाण्यात घालून. वरून इस्त्री करून. दोनदा केलं."

तानुबाई तिच्याकडे बघत राहिल्या आणि मग चक्क हसल्या. "येडी का तू? सुती आटतं. म्हनून तर सुती कापड आधी भिजवून घेतो. पॉलिस्टर आटत नाय. तीस वर्सं शिवतेय मी."

"आटतं."

"मला घरी जाऊ द्यायचं नाय म्हनून बोलतीस."

पेटीत तानुबाईंचा एक हिरवा ब्लाऊज होता, लग्नकार्यासाठी राखलेला. त्याला ललितानं हात लावलेला नव्हता. तो तिनं काढून सासूच्या मांडीवर ठेवला, वर टेप ठेवली. "मापा तुम्ही."

तानुबाईंनी मापला. छाती चौतीस. त्यांनी तो आकडा तोंडानं उच्चारलासुद्धा. मग ललितानं गॅसजवळ स्टूल ठेवलं, सासूला बसवलं आणि पातेल्यात पाणी ओतलं. अर्धा तास दोघी पातेल्याकडे बघत राहिल्या. पाण्यात हिरवा रंग उतरत होता. तानुबाईंना मधेच खोकल्याची उबळ आली, ललिता पाठीवर हात ठेवायला गेली, तर त्यांनी तो हात बाजूला केला. मग पिळणं, पंचा, इस्त्री. हे हात सरावलेले आहेत, हे बघणाऱ्या बाईला कळल्याशिवाय राहिलं नाही.

"आता मापा."

तानुबाईंनी टेप लावली. काढून पुन्हा लावली. मग ब्लाऊज उलटा करून आतली शिवण बघितली, टाका टाका बघितला, एकाही ठिकाणी तो उसवलेला नव्हता. पावणेतेहतीस. त्यांनी आकडा या वेळी उच्चारला नाही.

ललिताला वाटलं होतं की सासू शिव्या देईल, रडेल, दिनेशला फोन लावेल. तानुबाई पदर खांद्यावर ओढून बसल्या होत्या आणि त्या पदराखालच्या अंगाकडे बघत होत्या.

"म्हंजे मी वाळतच व्हते," त्या म्हणाल्या. "आन् तू बघत व्हती."

"हो."

"रोज?"

"हो, आत्याबाई. तुम्ही जेवायला लागलात म्हणून मी... नंतर मला सांगायची भीती वाटली. चुकलं माझं."

तानुबाईंनी मोबाईल मागून घेतला आणि सहादूला सांगितलं, "उद्या येऊ नका. मानसं लावून सोंगून घ्या." पलीकडून काहीतरी विचारलं गेलं असावं. "नाय," त्या म्हणाल्या, "बरी नाय मी अजून." एवढं बोलून त्यांनी फोन ललिताच्या हातात न देता खाली ठेवला. दुपारी अर्धी भाकरी खाल्ली, तीही भिंतीकडे तोंड करून. ललिताला त्यापेक्षा शिव्या परवडल्या असत्या.

गुरुवारी दोघी दवाखान्यात गेल्या. काट्यावर आणखी अर्धा किलो कमी भरलं. बाईंनी कार्ड बघितलं, उरलेल्या गोळ्या बघितल्या आणि त्यांचा पारा चढला. "अकरा दिवस? आजी, मधे सोडल्या की आजार उलटतो, किती वेळा सांगायचं? पुन्हा थुंकी तपासावी लागेल. कुणी सांगितलं बंद करायला?"

रांगेतली माणसं बघत होती. तानुबाईंनी मान खाली घातली.

"कुनी नाय. इसरले मी."

त्या आपल्याला वाचवताहेत, हे ललिताच्या लक्षात आलं आणि तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. एक क्षण, अगदी एकच क्षण, तिला सुटल्यासारखंही वाटलं, आणि त्या सुटकेची तिला किळस आली.

"त्या विसरल्या नाहीत, मॅडम," ती म्हणाली. "मी त्यांना फसवलं. वजन वाढतंय असं भासवलं, म्हणून त्यांनी सोडल्या." आणि रांगेतल्या सगळ्यांसमोर तिनं पातेलं, इस्त्री, पंचा, सगळं सांगितलं. बाई पेन धरून ऐकत राहिल्या. त्यांनाही रागवायला नीट शब्द सापडले नाहीत. "आजपासून गोळी तुमच्या डोळ्यांसमोर," एवढंच त्या म्हणाल्या आणि थुंकी तपासायची चिठ्ठी लिहून दिली.

थुंकी देऊन झाल्यावर दोघी बाहेरच्या बाकावर बसल्या. ललितानं गोळ्या आणि पाण्याची बाटली पुढं केली. तानुबाईंनी एकेक करून गिळल्या, तोंड वाकडं केलं, बाटलीचं झाकण लावलं. कालपासून त्या सुनेशी धड दोन वाक्यं बोलल्या नव्हत्या.

"ललिता."

"काय, आत्याबाई?"

"आता खरं सांग. कशी दिसते मी?"

ललितानं त्यांच्याकडे बघितलं. गळ्याजवळची हाडं, खोल गेलेले डोळे, मनगटावरून कोपरापर्यंत चढलेल्या बांगड्या. गेले दोन महिने ती हे सगळं बघून न बघितल्यासारखं करत आली होती.

"लय वाळल्यात तुम्ही," ती म्हणाली.

"हां," तानुबाई म्हणाल्या. मग त्यांनी हात पुढं केला. "उठव मला. पायात जोर नाय."

आजवर त्यांनी कुणाचा हात धरला नव्हता. ललितानं दोन्ही पाय रोवले, त्यांचा हात घट्ट धरला आणि त्यांना ओढून घ्यायला अंगातली सगळी ताकद गोळा केली. ताकद लागलीच नाही.