केरू चारला सुटला

केरूच्या बायकोचा पेन्शनचा अर्ज नामंजूर झाला. बरं, झाला नाही असं धरू. आमच्या खोलीत अजून तसंच धरतात.

तर २००६ साली आम्ही सौदीत, तबूकला एक हॉस्पिटल बांधत होतो. केरू धुरी शटरिंगचा सुतार, मालवणकडचा. त्याचा जोडीदार हाशम, हर्णैचा. मी त्यांच्याच खोलीतला, वायरिंगवाला. एका दुपारी परांचीची फळी सरकली आणि केरू तिसऱ्या मजल्यावरून खाली आला. पडला हॉस्पिटलातच, पण ते अजून बांधून व्हायचं होतं.

हाशमने साइटवरच्या फोनवरून ऑफिसला कळवलं. पलीकडे मिसरी, म्हणजे इजिप्तचा टाइमकीपर. हाशमची अरबी बाजारहाटापुरती, त्यात रडू आलेलं. दोन्ही भाषांत असलेला एकच शब्द त्याला सापडला. म्हणाला, "केरू खलास."

अरबीत खलास म्हणजे संपलं, आटोपलं. टाइमकीपर म्हणाला, "तमाम, ठीक आहे. उद्या वेळेवर यायला सांग." आणि केरूच्या नावापुढे लिहिलं, ड्यूटी समाप्त, चार वाजता.

ॲम्ब्युलन्स क्रेनवाल्याने बोलावली. ती गावाच्या दुसऱ्या टोकाच्या, बांधून झालेल्या हॉस्पिटलात पोचली तेव्हा पाच वाजले होते. तिथल्या कागदावर अपघाताची वेळ पडली पाच. म्हणजे कागदोपत्री केरू चारला सुटला, तासभर मोकळा हिंडला आणि मग पडला.

शवपेटी गावी गेल्यावर विम्याचं निघालं. माणूस कामावर असताना गेला तर बायकोला दरमहा पेन्शन. त्यासाठी त्या दिवशीचे कामाचे तास कळवायचे. ते ऑफिसने आधीच कळवले होते, अगदी वेळेवर. आमच्या कंपनीत वेळेवर झालेलं तेवढं एकच काम.

हाशम आणि मी विम्याच्या क्लार्ककडे गेलो. माणूस सज्जन, चहा दिला. त्याने विचारलं, सुटी झाल्यावर हा तासभर परांचीवर काय करत होता? हाशम म्हणाला, "साहेब, पडायला तास लागत नाही." क्लार्कने ते मान्य केलं. पण लिहून घेतलं नाही, त्याला रकाना नव्हता.

मग टाइमकीपरकडे. तो बिचारा डोळ्यांत पाणी आणून म्हणाला, आता दुरुस्त करतो. फक्त हजेरीत फेरफार करायचा तर कामगाराची सही लागते. कुणी परस्पर तास चोरू नयेत म्हणून नियम आहे, कामगारांच्याच भल्याचा.

तेवढ्यात कंपनीचं पत्र आलं, केरूच्या नावाने. ड्यूटी सहापर्यंत असताना विनापरवानगी चारला गेल्याबद्दल ताकीद. आम्ही इतके खूष झालो की हाशमने टॅक्सी केली. ड्यूटी सहापर्यंत होती, हे कंपनीच सांगतेय. क्लार्कने पत्र दोनदा वाचलं आणि म्हणाला, बरोबर, म्हणजे तो निघून गेला होता हे कंपनीलाही मान्य आहे. पत्र त्याने फाइलला लावून घेतलं. आमच्याच हाताने आम्ही ते त्याला दिलं होतं.

केरूच्या बायकोचा, श्यामलावहिनींचा फोन दर शुक्रवारी यायचा. त्या शिवणकाम करायच्या, घरात सासू अंथरुणाला. पेन्शनवर सगळं अडलेलं. मी दर वेळी सांगायचो, होतंय, कागद पुढे गेलाय. कागद खरंच पुढे जात होता, आमच्यापासून. शेवटी एका शुक्रवारी हाशमने माझ्या हातातून फोन घेतला आणि सगळं सांगून टाकलं. आपण काय बोललो, तिकडे काय लिहिलं गेलं, सगळं.

मग वहिनी म्हणाल्या, "हाशमभाई, तुमच्यावर राग नाही. पण ते चारला सुटले म्हणतात ना, मग गेले कुठे, ते तरी विचारा त्यांना."

हाशमने हो म्हटलं.

तेव्हापासून हाशम खलास हा शब्द बोलत नाही. मेसमध्ये वाढायची पाळी त्याची असली आणि भात संपला, तर नुसतं रिकामं पातेलं दाखवतो. पोरं हसतात. मीही पहिल्यांदा हसलो.

पुढच्या सुटीच्या दिवशी तो माझ्यासमोर येऊन बसला. म्हणाला, तुझं मराठी बरं आहे, वहिनींनी विचारलंय ते लिही. मी म्हटलं, मराठीत लिहून इथे वाचणार कोण? तो म्हणाला, अरबीत बोलून काय झालं ते बघितलंस.

मग तो सांगत गेला, मी लिहीत गेलो:

"मे. विमा कार्यालय, यांस. केरू बाळा धुरी, शटरिंग सुतार, यांना ड्यूटी सुटल्याचे फोरमनने आजतागायत सांगितलेले नाही. सांगितल्याशिवाय काम सोडण्याची त्यांना सवय नव्हती. सबब ते अद्याप कामावर आहेत असे समजून त्या दिवसापासूनचे सर्व तास हजेरीत धरण्यात यावेत, आणि तास पुरेसे भरले असल्यास त्यांस घरी जाण्याची परवानगी द्यावी, ही नम्र विनंती."