नारंगीचा थर

अंबरीशने बायकोचं डोकं दुसऱ्यांदा ओट्याच्या कडेवर आपटलं, तेव्हा गॅसवरचं दूध उतू गेलं. चार वर्षांची अवंतिका दारात कानांवर हात ठेवून उभी होती.

"तोंड नीट करून जा," तो हात धूत म्हणाला. "उद्या शालिनीताईंच्या मुलीला सजवायचंय ना? लोक समझेंगे मी राक्षस आहे."

सीमंतिनीने आधी लेकीला उरलेलं दूध पाजलं. मग गालावरच्या परवाच्या निळ्या वळांवर नारंगी क्रीम लावलं, त्यावर कातडीच्या रंगाचा थर. नारंगीखाली निळं लपतं, हे तिच्या बोटांनाही पाठ होतं. इंदरगंजातल्या मराठी घरांत नवरी तीच सजवायची. 'सुखी संसाराची बाई, हात शुभ,' असं शालिनीताईच सगळ्यांना सांगत. त्यावर तिचं काम चाले.

लेकीला घेऊन ती कंपू मोहल्ल्यातल्या एका माडीवरच्या स्टुडिओत आली. तिथे अपूर्व जुन्या पद्धतीने मूकपट करत होता. त्याची फिल्म लाल रंगाला आंधळी. लाल, नारंगी सगळं काळं उमटायचं. म्हणून नायिकेचा चेहरा सीमंतिनी पिवळट रंगवायची. आज नायिकेला उशीर होता.

"ताई, तुम्हीच बसा ना दोन मिनिट. लाइट चेक करायचीय."

ती बसली. स्वतःच्या तोंडाचा विचारच आला नाही.

तासाभराने अपूर्वने ओला फोटो आणला. गालावर चार काळी बोटं, जबड्याशी अंगठा.

"रंग चुकला बहुतेक," तो खाली बघत म्हणाला.

"नाही. बरोबर आलाय."

घ्यायला आलेल्या अंबरीशने फोटो पाहिला, फाडला आणि तिचं डावं मनगट पिरगाळलं. आत काहीतरी कट्कन वाजलं. मध्ये पडलेल्या अपूर्वच्या तोंडावर ठोसा बसला.

"घर का मामला है, समझा?" म्हणत तो जिना उतरला आणि खालून हॉर्न वाजवत राहिला.

सीमंतिनी उठली नाही. अवंतिकाला मांडीवर घेऊन म्हणाली, "अजून एक निघेल का?"

"निगेटिव्ह आहे," अपूर्व ओठाचं रक्त पुसत म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी लग्नघरी शालिनीताईंनी तिच्यापुढे हळदीकुंकवाचं ताट धरलं. तिने त्यात फोटो ठेवला.

"आधी हे बघा. मग मी नवरीला हात लावायचा की नाही, ते सांगा."

शालिनीताईंनी फोटो डोळ्यांजवळ धरून पाहिला. "आजच्या दिवशी गं..." म्हणत त्यांनी ताट मागे घेतलं.

"आई, ताट ठेव तिथेच," नवरी म्हणाली.

मग तिने सीमंतिनीच्या फडक्यात बांधलेल्या मनगटाकडे पाहिलं, स्टूल तिच्या उजव्या हाताशी ओढलं, डोळे मिटले आणि हनुवटी वर केली.