डाव्या कोपऱ्यातली दुहेरी गाठ

मी वेताची खुर्ची बोलतेय. आईशप्पथ सांगते, यातलं अक्षर न् अक्षर खरं आहे. माझी आई म्हणजे सागाचं झाड. बरं, साग नाही, आंबा. दुकानदार मला साग म्हणून खपवतो, तीच खोड मला लागली.

माझी बैठक विणली धाकलूने. वांगणीच्या डोंगरातल्या पाड्यावरचा हा गडी जन्मापासून आंधळा. अंबरनाथच्या एका प्रशिक्षण केंद्रातल्या शिक्षिका, माई, यांनी त्याला वेतकाम शिकवलं. वेत भिजवायचा, बोटांनी जोखायचा, मग ओवायचा.

"धाकल्या, गाठ वर येता कामा नये. माणसं बसतात त्यावर," माई दटावायच्या.

तो गाठी खालीच मारायचा, पण प्रत्येक खुर्चीच्या पोटाखाली, डाव्या कोपऱ्यात, एक दुहेरी. "माई, माजं पोर मला वळखाया नको?"

पुढे एका कारखान्यानं त्याला कामावर घेतलं. कचेरीत दीडशे खुर्च्या, त्यांतली एक मी. शेवटची विणून होईस्तोवर पहिली फाटलेली. लाइट गेली की सगळं खातं चहाला पळायचं. अंधारात एकटा धाकलू विणत असायचा. "जा तुमी डोळंवालं. मी हाय ना कामाला!"

मग कचेरीतल्या राजेश साहेबांनी प्लास्टिकच्या खुर्च्या आणल्या.

"मंग मी काय विणू, सायेब?"

"अरे, तू बस की आरामात!"

महिनाभर तो गेटपाशी तसल्याच प्लास्टिकच्या खुर्चीवर बसला. बोटं मात्र मांडीवर विणत राहायची. आम्ही बाजूलाच ढिगात पडून ते बघत होतो. महिना संपला, तो घरी गेला, आम्ही भंगारात.

आता मी उल्हासनगरला, कॅम्प पाचमध्ये, जुन्या फर्निचरच्या दुकानाबाहेर असते. बैठकीला हे भलंमोठं भोक. गेल्या महिन्यात धाकलू आला. केस पिकलेले, खांद्याला उदबत्त्यांची पिशवी. त्यानं माझी पाठ चाचपली, हात खाली घातला, गाठ सापडली. "आगं, तू व्हय!" म्हणाला. तिथंच वेत मागवून दुपारभर त्यानं मला विणलं.

नाही विणलं. आला, एवढं खरं. काठी माझ्या पायाला लागली म्हणून थांबला, हात पुढे केला. वीतभर अंतर राहिलं होतं. आतून दुकानदार ओरडला, "बाबा, सामान को हाथ मत लगाओ. आगे चलो!"

तो पुढे गेला. त्यापुढचं सगळं मी रचलं. भोक आहे तिथंच आहे.

कधी इकडे आलात तर माझ्या पोटाखाली हात घालून बघा. गाठ खरी आहे.