बदललेला पाढा

वर्गातला चष्मिस मुलगा उभा राहून पत्रक वाचत होता, बातम्या दिल्यासारखा खणखणीत.

“‘बाबांचा आवाज चढला की आई मुलीला कपाटात बसवी. म्हणे, मी दार उघडेपर्यंत पाढा म्हणत राहा, म्हणजे बाहेरचं ऐकू येणार नाही. मुलगी अंधारात सतराचा पाढा म्हणत राही.’”

“सतराचा? त्यापेक्षा बाहेर बरं,” मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं. वर्ग फिसकन हसला.

बाईंनी डोळे वटारले. तिसऱ्या बाकाकडे मात्र त्यांनी पाहिलं नाही.

घरातल्या मारहाणीविषयीचं हे पत्रक आज प्रत्येक वर्गात वाचायचं होतं. त्यातली हकीकत बाईंनीच लिहून दिली होती. तिसऱ्या बाकावरच्या मुलीच्या आईनं ती त्यांना सांगितली होती, शिलाई मशीनवरून मान वर न करता. तिची एकच अट होती.

“शाळेत कळता कामा नये, बाई. पोरगी आत्ता कुठे सावरलीय. तिला तर काही आठवतही नाही.”

बाईंनी नाव बदललं, गल्ली बदलली, आईचं काम बदललं. पाढासुद्धा बदलला. कपाट मात्र त्यांना काढवेना. ते काढलं तर वाचणाऱ्याच्या काळजाला भिडणार काय?

चष्मिस खाली बसला. बाई फळ्याकडे वळल्या.

“बाई, एक चुकलंय.”

तिसऱ्या बाकावर हात वर होता, कोपरात ताठ. चूक दिसली की हात वर करायचा, माझी असली तरी, असं बाईंनीच पहिल्या दिवशी सांगितलं होतं.

“सतराचा नाही. एकोणीसचा होता.”

“बरोबर,” बाई म्हणाल्या.

तीस वर्षांची सवय. शब्द तोंडातून गेला आणि मगच त्यांना ऐकू आला. एकेक मान तिसऱ्या बाकाकडे वळत गेली. मागचा बाक आता हसत नव्हता.

मुलीचा हात अजून वरच होता.

“बाई, तुम्हाला कसं माहीत?”

 बाई पत्रकं गोळा करू लागल्या. मुलं कागद पुढे करत होती. तिसऱ्या बाकाशी त्या थांबल्या. मुलीनं आपलं पत्रक घडी घालून घालून काडेपेटीएवढं केलं होतं. तिचे ओठ हलत होते.

“मी इथे बसू?” बाईंनी हळूच विचारलं.

मुलगी सरकली नाही.

“एकोणीस त्रिक सत्तावन्न,” ती म्हणत राहिली, “एकोणीस चोक शहात्तर…”