बसम्माच्या गळ्यातला कॅमेरा

माझ्या कुशीला चिकटपट्टी दिसते म्हणून हसू नका, मित्रांनो. मी व्हिडिओ कॅमेरा आहे, जुना. पण लातूर मी जसं पाहिलं, तसं फार थोड्यांनी पाहिलं असेल.

जन्म कारखान्यातला, पण डोळा उघडला तो कंधारच्या मुबश्शिराच्या हातात. ती माहितीपट करायची, तेही आपल्याच रीतीचे. निवेदन नाही, संगीत नाही. ज्यांच्याकडे कुणी वळून बघत नाही, त्यांच्यासमोर ती मला तासन्‌तास धरून बसायची. “हा कसला सिनेमा?” लोक विचारायचे. ती नुसती हसायची.

एकदा लातूरच्या गंजगोलाईच्या बाजारात तिने कचरा वेचणाऱ्या बसम्माकडे मला वळवलं. बसम्मा कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

“ताई, तुमी मला बघून ऱ्हायल्या. मी काय बघते, त्ये कोण बघणार?”

मुबश्शिराने माझा पट्टा बसम्माच्याच गळ्यात घातला. “हे लाल बटण. दाबलं की सुरू.”

अकरा सकाळी मी त्या गळ्यात हिंडलो. एरवी मला बघून लोक केस सारखे करत. बसम्माच्या गळ्यात मी कुणाला दिसलोच नाही, कारण तीच कुणाला दिसत नव्हती. किराणा दुकानदार सिद्रामप्पांनी तर मान वर न करता रिकामं खोकं फेकलं. “ए, उचल. हो पुढं!”

सिनेमा दाखवण्याआधी मुबश्शिरा त्यांची परवानगी मागायला गेली. बसम्माही सोबत होती. माझ्या इवल्या पडद्यावर स्वतःला बघून सिद्रामप्पांचा चेहरा उतरला.

“काढून टाका ते.”

“काढते, अण्णा. तुमचा हक्क आहे.” मुबश्शिराचा आवाज स्थिर होता. ते दृश्य गेलं की सिनेमाचा जीवच जाणार, हे तिला ठाऊक होतं.

बसम्मा पुढं झाली. “काढा, ताई. पर अण्णा, बारा वर्सं दारात येते. माजं नाव काय?”

सिद्रामप्पांनी ओठ हलवले, पण नाव काही आलं नाही. शेवटी त्यांनी मान वर केली.

“काय नाव तुमचं?”

“बसम्मा.”

सिद्रामप्पांनी पडद्यावरचं ते दृश्य पुन्हा एकदा पाहिलं. मग म्हणाले, “ऱ्हाऊ द्या त्ये. दाखवा. पर खाली माजं बी नाव लिवा. उगं दुसऱ्या कुणावर आळ यायला नको.”

शाळेच्या मैदानात चादरीच्या पडद्यावर सिनेमा लागला. पहिलीच पाटी आली, ‘चित्रण : बसम्मा’, आणि कचरा वेचणाऱ्या बायकांनी टाळ्यांनी मैदान डोक्यावर घेतलं. आपलं दृश्य आल्यावरही सिद्रामप्पा जागचे उठले नाहीत.

पुढे मुबश्शिराकडे नवा कॅमेरा आला नि मी दोन वर्षं कपाटात पडलो. एके दिवशी बसम्माच आली. “ह्यो मला द्या, ताई. आमच्या बायांचा सिनेमा मी करते.” आता तो चालू आहे, आणि मीही.

म्हणून सांगतो, मित्रांनो, जुनं झालं म्हणून यंत्र कोंडून ठेवू नका. कामाच्या हातात द्या. आणि माझ्यासारखा कुणी तुमच्या हाती आला, तर बटण दाबण्याआधी समोरच्याचं नाव विचारा. बाकीचं सगळं तो शिकवील.