कॉन्कॉर्डन्सला दोन माणसं लागतात

एका कवीच्या सगळ्या कवितांमधला प्रत्येक शब्द कुठे कुठे आला आहे, हे सांगणारं पुस्तक बाबांनी आयुष्यभर खपून तयार केलं आणि छापून यायच्या आधीच ते गेले. मग ताईने पदर खोचला. बाबा या पुस्तकाला 'कॉन्कॉर्डन्स' म्हणत. प्रकाशक म्हणाले, "हे नाव कुणाच्या डोक्यात शिरणार? 'शब्दसूची' करा. आणि सोमवारी तपासलेली प्रुफं द्या, नाहीतर पुस्तक रद्द."

नावाचं नंतर बघू, असं ताईने ठरवलं. घोडं अडलं होतं प्रुफांपाशी. बाबांची पद्धत अशी, की एकाने कविता मोठ्याने वाचायच्या आणि दुसऱ्याने सूचीवर बोट ठेवून ताडून बघायचं. ताईने हट्टाने एकटीने करून पाहिलं, स्वतःचाच आवाज मोबाईलवर रेकॉर्ड करून. जिथे वाचताना चुकली, तिथेच तपासतानाही चुकली. पुस्तक बुडू द्यायचं नव्हतं, म्हणून शेवटी तिने नाक मुठीत धरून धाकट्या भावाला फोन केला. घराच्या वाटणीवरून दोघांचं बोलणं बंद होतं.

रविवारी सकाळी तो आला. "घराचा विषय काढायचा नाही."

"काढलाय कोणी? वाच. आणि शब्द गिळू नकोस."

दुपारपर्यंत दोघं कवितेबाहेरचं अक्षरही बोलले नाहीत. मग तो थांबला आणि तिच्या बोटाखालच्या पानावर वाकला. "ताई, इथे 'गवत' आहे. तू तपासलेल्या सूचीत 'गवत'पुढे ही कविता नाही."

तिने पाहिलं. खरंच नव्हती. "हो रे. चुकलं माझं."

वाटणीच्या भांडणात हे वाक्य दोघांपैकी एकानेही उच्चारलं नव्हतं. तो उगाच खाकरला.

"कॉन्कॉर्डन्स म्हणजे नक्की काय गं?"

"मूळ लॅटिन. 'कॉन' म्हणजे सोबत, 'कॉर' म्हणजे हृदय. मनं जुळणं. बायबलमधली वचनं एकमेकांशी जुळवून बघायला जुन्या काळी ख्रिस्ती भिक्षूंनी अशा सूच्या केल्या, तेव्हापासून हे नाव."

"बाबा मला कधी बोलले नाहीत."

"तू विचारलंस कधी?"

सोमवारी शेवटचं पान संपता संपता प्रकाशकांचा फोन आला. "मग 'शब्दसूची'च छापू ना?"

ताईने तोंड उघडायच्या आत भावाने फोन ओढून घेतला. "नाही. बाबांनी ठेवलं तेच नाव राहील. आम्ही दोघांनी ठरवलंय."

ताई प्रुफांचा गठ्ठा बांधत होती. डोळे भरून आले आणि तिला गाठ दिसेना. भावाने दोरीवर बोट ठेवलं.